मळलेल्या कडा

पुस्तक उघडण्याआधी मी ते आडवं धरतो
आणि पानांच्या कडा बघतो.
मळ कुठवर गेलाय, एवढंच.
भौतिकशास्त्राची बहुतेक पुस्तकं
तिसऱ्या धड्यापर्यंत काळपट असतात,
पुढे कोरी, करकरीत,
जणू घर्षणापाशी येऊन अख्खा वर्गच थांबला.

एल आल्तोच्या बाजारात, गुरुवारी आणि रविवारी,
जुन्या कोटांच्या ढिगाला लागून माझी ताडपत्री.
चार हजार मीटरवरचा वारा
न वाचताच पानं उलटतो,
म्हणून प्रत्येक पुस्तकावर एकेक दगड.
मी सहावीत शाळा सोडली.
धडे मला कळत नाहीत. कडा कळतात.

शेवटपर्यंत मळलेलं पुस्तक
वर्षाकाठी एखादंच हाती लागतं.
असं एक आलं होतं, वेष्टण गेलेलं.
अर्ध्यात अभ्यास कसा करावा, अर्ध्यात भौतिकशास्त्र,
दोन वेगळी पुस्तकं कुणीतरी
गोणीच्या सुतळीने एकत्र शिवलेली.
समासात पेन्सिलीने एकच वाक्य, पुन्हा पुन्हा:
‘आता मिट. काय उरलं ते लिही.’
आणि खाली, काय उरलं ते.
कधी चार ओळी, कधी नुसता बाण.
एका पानावर:
‘काही नाही. उद्या परत.’

ते येसेनिया कालिसायाने उचललं.
बाप मिठाच्या गोण्या उतरवतो, आई सूप विकते.
किंमत ऐकून तिने पुस्तक खाली ठेवलं,
दगडसुद्धा होता तसा, नीट मधोमध.
तो दगड बघून मी म्हटलं, भाड्याने ने.
आठवड्याला एक बोलिव्हियानो.

तिसऱ्या गुरुवारी आली ती तणतणत.
‘काका, तुमचं पुस्तक खोटं बोलतं.
पाणी म्हणे शंभराला उकळतं.
शाळेतला थर्मामीटर मागून घरी नेला,
पाणी खळखळा उकळतंय
आणि पारा सत्त्याऐंशीवर ठाण मांडून.
दुसरा आणला. तोही तिथेच.’
मी काय बोलणार?
मळ तर शेवटपर्यंत होता.

रविवारी तीच आली, आवाज खाली.
पान तिने मिटलं होतं, उरलं ते लिहिलं होतं,
मग परत उघडून ताडून पाहिलं
तेव्हा सुटलेला शब्द सापडला:
समुद्रसपाटीला.
‘समुद्रसपाटी,’ ती म्हणाली,
आणि आम्ही दोघं जरा गप्प झालो.
आमच्या देशाचा समुद्र
पणजोबांच्याही आधी एका युद्धात गेला.
दर मार्चला शाळेची पोरं त्याच्यासाठी संचलन करतात,
न पाहिलेल्या पाण्यासाठी.
त्या पाण्याच्या काठावरचा आकडा
आम्ही इथे, ढगांच्या वर, घोकत होतो.

तिची आई खालच्या युंगासची.
तिथे घेवडा तासाभरात मऊ व्हायचा.
लग्न होऊन वर आली आणि
चार-चार तास दाणा कचकच करू लागला.
सासू म्हणायची, हाताला गुण नाही.
वीस वर्षं तिने ते ऐकून घेतलं.
येसेनियाने तिला हवेचा दाब समजावला,
झाकण, वाफ, वरच्या हवेचं हलकं वजन.
आई ढवळता ढवळता थांबली.
‘तरीच,’ म्हणाली.
आणि जरा वेळाने परत, ‘तरीच गं.’

आता त्या पानाच्या समासात
पहिल्या पेन्सिलीखाली दुसरी आहे:
‘८७. एल आल्तो. आईचं पातेलं.’

मी भाडं बंद केलं. पुस्तक तिच्याकडेच आहे.
फक्त काल दुकान आवरताना
त्याच विषयाचं दुसरं एक हाताशी आलं,
तिसऱ्या धड्यापर्यंत मळलेलं.
कंदिलाशी बसून ते कोरं पान वाचलं,
दोनदा. मग मिटलं.
काय उरलं?
वारा ढकलतो, तरी दगड सरकत नाही.
खालचं पान त्याला धरून ठेवतं.

तेवढं लिहिलं, बिलाच्या पाठीवर.
शब्द चुकले असतील.
रविवारी ती येईल, बघेल.