बँक नाणी घेत नाही

जेर्बा बेटावर, हॉटेलाच्या तळघरात
मबरूका समुद्राकडे पाठ करून उभी असते.
वाफ, खळ, ब्लीच. वर कुठेतरी
तलावात जर्मन मुलं ओरडतात,
ते तिला पाइपातून ऐकू येतं.

ड्रायरमागच्या भिंतीला तिची पेन्सिल आहे, सुतळीने बांधलेली.
रोज काम संपलं की ती चादरींचा आकडा लिहिते.
कुणी सांगितलेलं नाही.
कुणी विचारतही नाही.

त्या वर्षीच्या मार्चात: तीनशे बारा. दोनशे सत्तर. एक्केचाळीस.
मग दोन. शेवटच्या विमानासाठी अडकलेलं
एक म्हातारं बेल्जियन जोडपं;
जाताना त्यांनी आपला पलंग स्वतःच आवरला होता.
मग शून्य.
शून्यही तिने आठवडाभर नेमाने लिहिलं,
नंतर मॅनेजरने किल्ल्या मागितल्या.

पुढचे दोन उन्हाळे भिंतीला ठाऊक नाहीत.
सलवा स्फाक्सला गेली, डब्यांत मासे भरायला.
मुनीरने मालकाच्या सांगण्यावरून इस्त्रीचं मशीन भंगारात घातलं
आणि मग इतका गप्प झाला
की बायकोने त्याच्या भावांना बोलावून घेतलं.
गलालात लझहर कुंभाराची भट्टी थंड,
रांजणांत कोंबड्या अंडी घालायच्या.
मबरूकाने लोकांचे गालिचे धुतले, ऑलिव्ह वेचले,
सासूची बांगडी गहाण टाकली.
ती अजून तिथेच आहे.

आता रेडिओवर मंत्र्यांचा आवाज गोड झालाय.
पर्यटन सावरलं, म्हणतात.
विमानतळावर मोजलेली डोकी पूर्वीपेक्षा जास्त,
परकीय चलनाची गंगाजळी भरू लागली.

खोटं नाही. भिंतही तेच म्हणते:
चारशे सहा. चारशे तीस.
पण भिंतीला अजून एक कळतं.
पूर्वी माणूस यायचा तो पंधरा दिवसांसाठी.
आधी लाल व्हायचा, मग तांबूस,
मग कंटाळून फाटकाबाहेर पडायचा,
लझहरकडे घासाघीस करून मातीचा उंट घ्यायचा,
आणि दुसऱ्या आठवड्यात मबरूकाला नावाने हाक मारायचा,
चुकीची, पण नावाने.
आता मनगटावर निळा पट्टा, खाणंपिणं सगळं आत.
तीन रात्री, आणि नवी चादर.
तीन रात्री, आणि नवी चादर.
राहणं जितकं थोडं, धुणं तितकं जास्त.
पूर्वी सहा जणी होत्या. आता ती,
आणि एक तुर्की मशीन, जे गुरुवारी हमखास बिघडतं.

उशीखाली नाणी सापडतात.
एक युरो, दोन युरो, कधी पन्नास सेंट,
ठेवलेले की विसरलेले, कळत नाही.
बँक नोटा घेते, नाणी घेत नाही.
काचेमागचा तौफीक तिच्याच गल्लीतला;
"मावशी, नियम आहे," म्हणतो, आणि नजर खाली.
म्हणून दुपारी ओढणीच्या टोकाला नाणी बांधून
ती तलावाकाठी जाते, मऊ चेहरा शोधते,
येतं ते एकच जर्मन वाक्य बोलते:
याची नोट द्याल का?
बऱ्याचदा त्यांना वाटतं, भीक मागतेय.
काल एका बाईने घाईघाईने
वर आणखी एक नाणंच ठेवलं.

घरात लझहरचा रांजण आहे, काठाला चीर गेलेला.
आत दोनशे अडतीस युरो.
देशाच्या गंगाजळीत ते धरले असतील की नाही
हे कुणाला विचारावं, तिला माहीत नाही.
हलवला की वाजतो, एवढं खरं.

परवा लझहर येऊन सांगून गेला, दोन मोठी भांडी गेली.
कुणाला?
तुमच्याच हॉटेलाला. स्वागतकक्षात ठेवायला.
पैसे हंगाम संपल्यावर.

चारशे अठरा, ती लिहिते.
पेन्सिल बोटाच्या पेराएवढी उरलीय.
दाताने सुतळीची गाठ सोडवून
ती पुन्हा बांधते, जरा खालून.