साडेतीन मिनिटं

भूपालमामा मगदूम तोलार होता,
सांगलीला, हळदीच्या सौद्यात.
पोतं काट्यावर आदळल्याचा आवाज
तो नुसता तोंडानं काढायचा
आणि अडते फसून वजन विचारायचे.

एसटी काढायचा. मिरज स्टँडवरची, थंडीतली,
तीनदा खोकून चौथ्यांदा लागणारी.
तिचा कंडक्टर वेगळा, दार वेगळं.
आयर्विन पुलावरून दिसणारं धुणं काढायचा:
आधी हात खाली यायचा,
आपटल्याचा आवाज मागून.

मुंबईहून पत्र आलं. विविध कार्यक्रम, शनिवार,
आपणांस वेळ साडेतीन मिनिटे.
कुडच्यांचा कोट घालून मामा गेला.
रंगभूषेच्या बाई खोबरेल लावून
त्याच्या नखांतली हळद काढत बसल्या.
कुणीतरी म्हणालं, राहू द्या हो,
पिवळं दिसत नाही इथं.

एकूण तीनदा गेला.
पहिल्यांदा दिव्यांनी घाम फुटला,
एसटी दुसऱ्याच खोकल्याला लागली.
दुसऱ्यांदा जमलं. पंच्याहत्तर रुपयांचा चेक.
तिसऱ्यांदा कुणाचं तरी भाषण लांबलं
आणि मामा जादूगाराच्या कबुतरांशेजारी बसून
घुमायचं कसं तेवढं शिकून परत आला.

सांगलीत तेव्हा टीव्हीच दिसत नव्हता.
सौद्यात कुणी पाहिलं नाही, घरात कुणी नाही,
त्यानं स्वतःसुद्धा नाही.
पुण्याहून मामीच्या बहिणीचं कार्ड आलं,
अजून आहे माझ्याकडं:
'भाऊजी छान दिसत होते. आवाज गेला होता.
तोंड उघडून मिटून काय करत होते ते कळवावे.'

मग कधीतरी मनोरा आला, कौलाकौलावर अँटेना.
मामानं सोसायटीचं कर्ज काढून सेट घेतला, रंगीत,
आणि मुंबईला लिहिलं, माझं तेवढं एकदा परत लावा.
उत्तर टाइप केलेलं होतं:
सदर ध्वनिचित्रफीत पुनर्वापरात गेली असून
तिच्यावर उसावरील खोडकिडीचा कार्यक्रम मुद्रित आहे.

'आपल्यावर ऊस लावला की रं त्यांनी,'
सौद्यात सांगून हसवायचा.
पण शेतीचा कार्यक्रम लागला
की सेटच्या जाळीला कान लावून बसायचा.
मामी म्हणायची, आपलं रान तरी हाय का?

पुढं गुडघे गेले, तोलारकी सुटली.
माझ्या दुकानात येऊन बसायचा, विश्रामबागेत,
दुरुस्तीला आलेल्या सेटांच्या मधे.
तिथं त्यानं शेवटचा आवाज बसवला:
पडद्यावर मुंग्या येतात, तो.
दात किंचित मिटून, जीभ मागं घेऊन,
न थकता, अर्धा अर्धा तास.

एकदा कवलापूरचा एक गिऱ्हाईक
तो ऐकून स्वतःच गच्चीवर चढला.
उन्हात अँटेना फिरवत वरून ओरडला,
आलं का?
मामाच्या मांडीवर सेटची सुटी पिन होती.
मी बोलणार, तर त्यानं हात केला.
'थोडं डावीकडं घे,' म्हणाला.
'येतंय.'