चार विसा दहा

माझ्या मामाचं नाव, उलीस पेरोशाँ,
पडद्यावर अगदी शेवटी यायचं,
केशभूषेच्या जरा वर.
तोवर पायेर्नच्या थिएटरात दिवे लागलेले,
लोक कोटाची दुसरी बाही शोधत असायचे.
आई मात्र बसून.

नोटरी. रात्रपाळीचा डॉक्टर.
दार अर्धं उघडून "मॅडम घरी नाहीत" म्हणणारा.
दोनदा बिशप, एकदा नुसताच मृतदेह,
त्यातही त्याने एक श्वास घेतला,
मी पाहिला, आई म्हणायची.
ती अंधारात विणायची
आणि भाऊ किती दिसला ते टाक्यांत सांगायची:
"या खेपेस चाळीस.
मागच्यात तर सुई उचलेपर्यंत गेला."

पॅरिसला गेला तेव्हा एकोणीस वर्षांचा,
बोटांना तंबाखूच्या पानांचा चीक,
जिभेवर आमच्याकडचे आकडे.
आम्ही नव्वदला एका शब्दात नव्वद म्हणतो: नोनांत.
तिकडे म्हणतात चार विसा दहा,
बाजारात म्हातारीने अंडी मोजावीत तसं.
पहिल्याच दिवशी त्याला
टोपीची किंमत सांगायची होती.
सगळा सेट हसला.
मग भाड्याच्या खोलीत बसून
त्याने विसा घोकल्या
आणि अठ्ठावन्न वर्षं चुकला नाही.
नाताळात घरी आला तरी
तसंच मोजायचा.
आजोबांचा घास हातात राहायचा.

शेवटच्या सिनेमात तो हॉटेलातला कारकून.
किल्ली द्यायची, खोलीचा नंबर सांगायचा, बस.
म्हणाला, "नोनांत."
कट.
दिग्दर्शिका नातीच्या वयाची,
अदबीने म्हणाली, मस्यू, पुन्हा एकदा.
"नोनांत."
सात टेक झाले.
तू विसरलास की मुद्दाम, मी नंतर विचारलं,
तर म्हणाला,
सूप आज खारट झालंय.

संकलनात चेहरा गेला, आवाज गेला.
उरला काउंटरवरचा हात,
किल्ली पुढे सरकवणारा.

त्या रात्री थिएटरात आम्ही बारा जण.
आईच्या मांडीवर लोकर नव्हती,
बोटं आता वळत नाहीत.
हात आला,
अंगठ्याच्या मुळाशी तंबाखूच्या सुरीचा वण,
तेव्हा ती सात वर्षांची होती,
फडकं तिनेच बांधलं होतं.

"आला," ती म्हणाली,
जरा मोठ्यानेच.