मुराचं माप

छातीचा पट्टा आणला त्या दिवशी तो पलंगाखाली गेला,
रात्रीपर्यंत शेपटीचं टोक तेवढं बाहेर.
दुकानदार म्हणाला होता, "मीडियम घ्या, सगळ्यांना बसतं."
चाळीस वर्षं शिवणकाम करतेय मी तिबिलिसीत,
सगळ्यांना बसतं असं काही
अजून माझ्या मशीनखाली आलेलं नाही.

मुरा कुणाचाच नव्हता.
नाद्झालादेवीच्या उतारावर पाच हिवाळे काढले त्यानं,
कानात पालिकेचा पिवळा बिल्ला, नंबर अर्धा पुसलेला.
गेल्या ऑक्टोबरात टॅक्सीनं उडवला
तेव्हा पडद्याच्या कापडात गुंडाळून वर आणला.
पाय जुळला. आता डॉक्टरीणबाई म्हणतात,
रस्त्यावर न्याल तर बांधून न्या.
बांधून!
ज्याला दार म्हणजे काय तेही ठाऊक नव्हतं, त्याला.

पहिल्या दिवशी पट्टा नुसता शेगडीपाशी ठेवला,
वर सुलुगुनी चीजचा तुकडा.
चीज गेलं. पट्टा तिथेच.
दुसऱ्या दिवशी चीज पट्ट्याखाली.
तिसऱ्या दिवशी पट्ट्याच्या गळ्यातून मी हात घातला,
बाहीतून घालावा तसा, पलीकडे तुकडा धरून.
त्यानं डोकं घातलं. कानापर्यंत.
खाल्लं, आणि मागे.
असू दे, म्हटलं. कॉलर लावताना घाई केली
की सदरा जन्मभर मानेला काचतो.

पाचव्या दिवशी पट्टा पाठीवर बसला. तो शहारलासुद्धा नाही.
मी पोटाखालचं बक्कल लावलं:
खट्.
पुन्हा पलंगाखाली. या वेळी शेपूटही आत.

रात्री दिव्याखाली पट्टा उलटासुलटा केला.
शिवण टोचत नाही, कापड खरखरत नाही, वजनही नाही.
मग काय?
सकाळी सहज त्याचा कान हातात घेतला,
बिल्ल्याभोवतीची टणक कड बोटाला लागली.
तेव्हाही झालं असणार खट्.

मग उसवलं सगळं.
बक्कलं काढली, तिथे आईच्या कोटाची हाडाची बटणं,
हातानं केलेली काजं, दुहेरी दोरा,
छातीखाली जुन्या मखमलीचं अस्तर.
माप घेताना तो उभा राहिला पोट आत ओढून,
लग्नाचा सूट शिवायला आलेल्या माणसासारखा.

रविवारी खाली उतरलो.
पहिली तीन पावलं खेकड्यासारखी,
चौथ्याला अंग झाडलं, आणि विसरला.
मला वाटलं होतं, मी त्याला फिरवेन.

भट्टीत वाकून पाव थापणारा ग्वांजी ओरडला,
"जनरल! जिवंत आहेस होय रे?"
औषधाच्या दुकानातली पोरगी त्याला बोंबोरा म्हणते.
चर्चच्या पायरीवरच्या म्हातारीकडे त्याचं आणखी एक नाव आहे,
ते तिनं कानात सांगितलं, त्याच्या.
दर ठिकाणी तो बसायचा आणि वळून माझ्याकडे बघायचा,
पाहुण्याची ओळख करून देताना बघतात तसा.
एकतीस वर्षं राहतेय मी या गल्लीत.
ग्वांजीला माझं नाव विचारावं लागलं.

दोरी सगळा वेळ सैल होती.
फक्त वळणावर, जिथे ती टॅक्सी आली होती,
ताण पडला. तो थांबला म्हणून की मी,
सांगता येणार नाही.
उभे राहिलो दोघं. दोन बस गेल्या.

डावीकडचं एक बटण ढिलं झालंय.
घरी गेल्यावर बघायला हवं.