व्यवसायाचा रकाना

सीबीएससमोर माझं झेरॉक्सचं दुकान.
मार्चच्या एका दुपारी निवृत्ती दोंदे आले
वृद्ध कलावंतांच्या मानधनाचा अर्ज घेऊन.
नाव झालं, वय झालं,
पत्ता तांबट आळी, मारुतीच्या मागे, तोही झाला.
मग व्यवसायाचा रकाना. लांबी दोन इंच.
म्हटलं, बाबा, एकच सांगा.
म्हणाले, कुठल्या वर्षाचा?

कालिकेच्या यात्रेत सिनेमाचा तंबू लागायचा,
तिथे अकराव्या वर्षी फाटका पडदा शिवला यांनी.
टाके जाड पडले.
तीन हंगाम, सिनेमा कुठलाही असो,
जवळून दाखवली की नायिकेच्या कपाळावर व्रण.

मग सायकलवर रिळांची पेटी,
भद्रकालीतलं मध्यंतर संपेतो नाशिकरोडला पोचवायची.
एकदा पेट्यांची अदलाबदल झाली
आणि तिकडच्या लोकांनी लग्न आधी पाहिलं, भांडण नंतर.
"कोणी पैसे परत मागितले नाहीत," म्हणाले,
"खरं वाटलं असेल."

पुढे एक कंपनी त्र्यंबकच्या बाजूला शूटिंगला आली,
हे चहा द्यायला गेले ते तिथलेच झाले.
अंजनेरीच्या कड्यावरून नायिकेच्या बदली
नऊवारी नेसून पडले. दोनदा.
पहिल्या वेळी मिशी दिसली.
बैलाचं हंबरणं भरलं, वाड्याच्या दाराची करकर भरली,
विहिरीत पडणाऱ्या माणसाचा 'डुबुक'
ओल्या पोत्यावर वीट टाकून काढला.
बैल आजारी पडला तर त्याचं औषधही यांच्याच पिशवीत.
नऊ सिनेमांत प्रेत झाले.
प्रेताला मजुरी जास्त का हो?
"नाही. पण झोप मिळते."

नाव?
पडद्यावर एकदाच आलं. 'एन. दांडे'.
तेही प्रकाशयोजनेखाली,
जे एकच काम यांनी कधी केलं नव्हतं.

मी रकान्यात पेन्सिलीने 'विविध' लिहिलं.
चष्मा लावून वाचलं त्यांनी.
"हे किराणा दुकानाच्या पाटीवर असतं."
खोडलं.

अर्जाला पुरावा जोडायचा होता.
पिशवीतून सीडी निघाली, भाकरीच्या फडक्यात गुंडाळलेली.
पुढे घे, म्हणाले. अजून. अजून. थांब.
पाटील रागावलेला, दारात सून,
आणि चौकटीच्या कडेने आत आलेला एक हात,
हातात पाण्याचा तांब्या.
"हा मी."
मनगटापर्यंतच होते ते.
मी म्हटलं, बाबा, साहेब चेहरा मागतील.
ते काही बोलले नाहीत. तांब्याकडे बघत होते.
"कल्हई करून घेतलेला, बघ. आमच्याच आळीतला."

चित्र छापलं, तीन प्रती काढल्या.
तिन्हींवर मनगटातून आरपार काळी रेघ,
दिवाळीपासून माझ्या मशीनला लागलेली.
सातपूरचा मेकॅनिक दोनदा येऊन गेला होता,
ड्रम बदला म्हणाला होता, सात हजार.

दोंदे हात विसरले, रेघच बघत बसले.
मग मशीनचं बटण बंद केलं, मला न विचारता,
झाकण उघडलं, आतली तार हळूच बाहेर ओढली,
केसाएवढी बारीक,
तिच्यावर फुंकर मारली
आणि सदऱ्याच्या टोकाने एकाच दिशेने पुसली.
"आता काढ."

पान स्वच्छ आलं.
हात, तांब्या,
तांब्याच्या काठावरून निघालेला, अजून न पडलेला थेंब.

अठरा रुपये झाले होते. त्यांनी मोजून दिले.
रकाना तसाच, पेन्सिलीचा डाग असलेला,
अर्ज घडी करून खिशात.
तारेचं काय द्यायचं, हे विचारायला मी बाहेर आलो
तोवर ते सिग्नलपाशी पोचले होते
आणि वाहतूक पोलिसाला, खांद्याला धरून,
जरा डावीकडे, जरा पुढे असं सरकवत
सांगत होते
कुठे उभं राहिलं की तोंडावर उजेड येतो.