मेलेल्याचं बोट

तवनाप्पा मगदूम गेले, त्याच्या दुसऱ्या दिवशी
पेपरात चार ओळी आल्या:
पडद्यावरचा मुनीम हरपला.
बेचाळीस चित्रपटांना त्यांनी संगीत दिलं
हे पाचव्या ओळीत येणार होतं बहुतेक.
खाली टायरची जाहिरात होती.

मी इलाही. त्यांच्याकडे एकोणीस वर्षं क्लॅरिनेट वाजवलं.
आता मंगळवार पेठेत बॅन्डवाल्यांची वाद्यं दुरुस्त करतो,
लग्नसराईत हाताला पितळेचा वास असतो.

मास्तरांना पहिलं काम मिळालं ते दुसऱ्याची गाडी चुकली म्हणून.
पेटीवाल्याचा नट मिरजेतच अडकला,
दिग्दर्शक म्हणाला, मास्तर, तुम्हीच बसा.
बसले. गाणं आधीच मुद्रित झालेलं, त्यांचंच,
नुसती बोटं फिरवायची होती, भात्यात हवा न भरता.
स्वतःच्याच चालीवर खोटं वाजवताना
मास्तर दोनदा चुकले.

मग कामं येतच राहिली:
पोस्टमन, कोर्टातला फितूर साक्षीदार, नवरीचा मुका मामा,
आणि तो मुनीम, अडीच मिनिटांचा,
जो आयुष्यभर अंगाला चिकटला.
गंगावेशीत म्हशीच्या दुधाचा पेला तोंडाला लावला
की कुणीतरी ओरडायचं, 'मुनीम, हिशेब जुळला का?'
आणि तोच माणूस सायकलवर टांग टाकून
शिटीत मास्तरांची चाल घोळवत निघून जायचा.
मास्तर मिशीवरचा फेस पुसत म्हणायचे,
'इलाही, निषाद जरा वर लागतोय बघ त्याचा.'

रात्री शॉर्टवेव्हला कान लावून बसायचे.
एकदा खरखरीतून ब्राझीलचा कुठला तरी ताल आला,
सकाळी तो हलगीवर उतरवून मोकळे.
निर्माता म्हणाला, 'ह्ये काय माकडं नाचवायला?'
गाणं कापलं.
पण हलगीवाल्यानं हात सोडला नाही,
आजही मिरवणुकीत तो ठेका कानावर येतो,
वाजवणाऱ्या पोरांना वाटतं, आपल्या आज्याचा आहे.

आणि ते मरण.
दरोडेखोर मुनिमाला गोळी घालतो,
मुनीम चोपडीवर पडतो,
कॅमेरा जवळ येतो.
'कट! अरं मर्दा, मेलेल्याचं बोट हलतंय की!'
मास्तर उठले, धोतर झटकलं,
'इथं मागं सतार येणार. रूपक. चार आवर्तनं.
मी मोजलं न्हाई तर
किती वेळ मेलो ते कळायचं कसं?'
तीन वेळा मेले, तीन वेळा बोट हललं.
चौथ्या वेळी हातावर कडबा टाकला.
सिनेमा लागला तेव्हा मी मुद्दाम पुढच्या बाकावर बसलो,
नीट बघितलं तर कडबा हलतो.

आता ती प्रिंट नाही.
रिळं चांदीसाठी गेली म्हणतात,
हुपरीच्या कुणी सोनारानं मूस चढवली असेल,
पैंजणं झाली असतील, जोडवी झाली असतील.

दवाखान्यात शेवटी त्यांच्या बोटाला ती क्लिप लावलेली,
लाल दिव्याची.
सिस्टर म्हणाली, बोट हलवू देऊ नका, आकडा चुकतो.
मी हात धरला नाही.
चादरीखाली ते चालू होतं, सातांच्या हिशेबानं,
तिसऱ्या आवर्तनात, पाचवर, थांबलं.
मी सहा, सात म्हटलं. मनात.
मग सिस्टरला हाक मारली.

परवा हुपरीच्या यष्टीत एक बाई चढली,
कडेवर पोर, पायात जुनी, जाड पैंजणं.
रस्ता खराब. मी मोजत बसलो.
दोनदा जुळतंय असं वाटलं,
मग खड्डा आला आणि सगळं विस्कटलं.
उतरायचं ठिकाण कधीच मागं गेलेलं.
कंडक्टर म्हणाला, 'चाचा, पुढचं तिकीट काढा.'
काढलं.