एकूण प्रयोग सात

वही माझ्याकडे राहिली, कारण खजिनदार मी.
पहिल्या पानावर कंपनीचा शिक्का,
खाली डिंगणकराचं गिचमिड अक्षर:
'नवलाई जाखडी नृत्य मंडळ, हिद्द, बहरीन.
स्थापना: शुक्रवार, जेवणानंतर.'
साल लिहायचं राहून गेलं.

जमा: माणशी अर्धा दिनार, माणसं अकरा.
खर्च: ढोलकीची शाई, झांजांची दोरी,
गोंड्यांना लाल लोकर.
चाळांना घुंगरांऐवजी पितळी नट, नग चारशे ऐंशी,
ते खर्चात नाहीत.
स्टोअरवाला कुरियाकोस त्या रात्री आमच्याकडे पाठ करून
बायकोला पत्र लिहीत होता.
फार लांबलं ते पत्र.

अडचण एकच होती.
अकराही जण शक्तीवाले,
गुहागर तालुक्यातले, एकाच गुरूच्या हाताखालचे.
समोर तुरा नसला तर सवाल टाकायचा कुणाला?
क्रेनला?
मग चिठ्ठ्या टाकल्या.
रज्जाक फणसोपकराला तुरा लागला.
हसला. म्हणाला, बापाला कळलं
तर पुढच्या सुट्टीत उंबरठ्यावरूनच परत धाडील.

पहिल्या दोन बाऱ्या तो लटका भांडला.
तिसरीला डिंगणकरानं भर गाण्यात
त्याच्या गुरूचा उद्धार केला
(गुरू दोघांचा एकच, हे कुणाच्या ध्यानात राहिलं नाही)
आणि रज्जाकच्या आत काहीतरी तुटलं,
की सांधलं, कोण जाणे.
तिथून तो खरा तुरेवाला झाला.
खोली बदलून घेतली.
एका ताटात जेवलेले दोघे
डाळीचं पातेलं तिसऱ्याकरवी मागू लागले.
मंडळ त्यानंतरच रंगलं, हेही इथे लिहून ठेवतो.

पाचव्या प्रयोगाला मुहर्रकचा एक म्हातारा आला, बू जासिम.
तरुणपणी मोत्यांच्या होडीवर गायचा म्हणे.
कुशीत मातीचा घडा.
त्यावर त्यानं तळहात मारला
तसा मेसचा आचारी, वेंगुर्ल्याचा बाबी,
पीठभरल्या हातांनीच बाहेर आला:
'मेल्यांनो, ह्यो आमच्या घुमटाचो भाऊस!
घोरपडीचा कातडा तेवढा घालूक नाय.'
मग म्हातारा गायला. शब्द कुणाला कळणार?
पण खालून एक हुंकार धरला होता त्यानं,
पाण्याखाली गेलेला माणूस वर येईपर्यंत
वरच्यांनी श्वास रोखावा, तसा.
आमची ढोलकी त्यात शिरायला घाबरली.

सातवी बारी. डिंगणकरानं कानावर हात ठेवून सवाल टाकला:
'सांग रे तुऱ्या, तुझ्या गुरूला स्मरून
दर्यात पहिलं मीठ टाकलं कुणी, आणलं कुठून?'
रज्जाक म्हणाला, पुढच्या शुक्रवारी.

सोमवारी यादी लागली.
सहा जण जुबैलला, तिघे घरी.
बस पहाटे सुटली. रज्जाक पलीकडच्या खिडकीला बसला.
डिंगणकर टाकीपाशी उभा, तोंडात ब्रश,
फेस हनुवटीवरून गळतोय,
आणि दोघांपैकी कुणीही हात वर केला नाही.

नट परत केले. कुरियाकोसनं मोजले,
चारशे सत्त्याहत्तर.
'बरोबर,' म्हणाला, आणि सही केली.

बावीस वर्षांनी चिपळूणच्या स्टँडवर रज्जाक भेटला.
दाढी पांढरी, गुडघा धरलेला.
तब्येत नाही, पोरंबाळं नाहीत, पहिलंच वाक्य:
'उत्तर सापडलंय.'
सांग की, म्हटलं.
'तुला कशाला सांगू? तू शक्तीवाला.
त्यालाच सांगीन, बारीत. निरोप दे त्याला.'
देतो म्हटलं.
डिंगणकराला जाऊन तेव्हा चौथं वर्ष होतं.

गाडी लागली. मी त्याची पिशवी वर चढवून दिली.
आत काहीतरी पितळेचं वाजलं,
नाहीतर सुट्टे पैसे असतील.